कोमेजणे हा दोष मानायचा का?

फुलांची मांडणी चार दिवसांत कोमेजते, म्हणून तिला फार तर सजावट म्हणावे, समकालीन कला नव्हे, हा आक्षेप मला पटत नाही, कारण काही कलावंतांनी नेमके हे कोमेजणेच कामाचे माध्यम केले आहे. ब्रिटिश कलावंत आन्या गॅलाचिओ यांची १९९१ सालची ‘प्रिझर्व्ह ब्यूटी’ ही कृती पाहावी. लाल जरबेराची फुले दाटीवाटीने काचेखाली दाबून भिंतीशी उभी केलेली असतात. पहिल्या दिवशी तो एकसंध, झगझगीत पट्टा दिसतो, पण पुढे पाकळ्या काळवंडतात, काचेला चिकटतात, बुरशी चढते आणि काही फुले सुटून जमिनीवर पडतात. लंडनच्या टेट संग्रहालयाकडे असलेल्या या कृतीला २,००० फुले लागतात आणि प्रत्येक प्रदर्शनासाठी ती ताजी आणावी लागतात. म्हणजे संग्रहालय जतन करते ती फुले नव्हेत, तर मांडणीची कल्पना. जरबेरा हे बाराही महिने फुलवाल्याकडे मिळणारे, काहीसे गुळगुळीत झालेले फूल निवडण्यातही मला खोच दिसते.

जपानचे सोफू तेशिगाहारा यांनी तर १९२७ मध्ये सोगेत्सु ही इकेबानाची, म्हणजे जपानी पुष्परचनेच्या कलेची, शाखा स्थापन करून पुढे लोखंडाचे तुकडे आणि वाळलेली लाकडेही रचनेत आणली. त्यामुळे ‘फुलांच्या मांडणीला कला म्हणणे हे हल्लीचे फॅड आहे’ हा दुसरा आक्षेपही टिकत नाही. लग्नमंडपातल्या फुलांच्या भिंतींना मात्र मी या पंक्तीत बसवणार नाही. तिथे फूल कोमेजायच्या आत मंडप उतरवलेला असतो.