दावणीला मार खाणारा खोंड पळायला शिकवला तर धीट होईल का?

आदत_कोसा: राम राम मंडळी. खरसुंडीच्या यात्रेतनं कोसा खिल्लार खोंड घेतलाय, अजून आदत आहे, म्हणजे पक्के दात आलेले नाहीत. लांबीला चांगला, पाय सरळ, पण दावणीचे दोन मोठे बैल त्याला गव्हाणीत तोंडच घालू देत नाहीत, शिंगं मारतात, मांडीवर वण उठलेत. आता बादली वाजली तरी भिंतीला चिकटतो. मोकळ्या रानात सोडला की मात्र काय पळतो! भाऊ म्हणतोय बैलगाडी शर्यतीच्या सरावाला लाव, भीती मोडेल. खरंच मोडते का, का अजून बुजेल?

माणदेशी_दावण: मोडते दादा, पण आधी त्याची गव्हाण वेगळी करा, आजच. उपाशी जनावर काय शिकणार? मग रोज सकाळी कासरा धरून नुसतं हिंडवा, नंतर खांद्यावर जू ठेवून सवय करा आणि हलका छकडा सगळ्यात शेवटी. जोडीला पळून मुरलेला शांत बैल द्या. आमचा खोंड असाच भित्रा होता, जोडीचा म्हातारा बैल थांबला की थांबायचा, तो चालला की चालायचा, पुढं पुढं स्वतःच ओढ घ्यायला लागला. त्यानंतर दावणीतल्या दांडग्यानं शिंग उगारलं तरी गडी मागं सरला नाही!!

रानवारा: सराव करा पण घाई नको. दोन दात यायला साधारण दोन वर्षं लागतात, तोवर हाडं कोवळी, कडक जमिनीवर जोरात पळवू नका, नांगरटीच्या मऊ रानात चालवा. पोहणी सगळ्यात भारी, दम वाढतो आणि सांध्यावर भार येत नाही.

चाकोरी: आणि काठी, चाबूक, शॉक काही नको, कधीच. 2014 ला शर्यती बंद झाल्या त्या जनावरांच्या हालापायीच, 2021 च्या डिसेंबरात परवानगी मिळाली ती अटींवर, आणि 2023 च्या मे महिन्यात सुप्रीम कोर्टानं कायदा मान्य केला त्यातही मारहाण चालत नाहीच. नियम राहू दे बाजूला, भीतीनं पळणारा बैल चाकोरी सोडून पब्लिकमध्ये घुसतो. मैदानावर न्यायच्या आधी लांब उभा करून हलगी अन् स्पीकरचा आवाज ऐकवा, कान सैल सोडले की थोडं जवळ न्या.

आदत_कोसा: गव्हाण वेगळी केली, सगळ्यांचे आभार. शेजारच्या अण्णांचा बैल गरीब आहे, त्यांना जोडीचं विचारतो. पोहायला शेततळं चालेल का?

रानवारा: प्लास्टिक कागदाचं असेल तर अजिबात नको, पाय घसरतो, वर येता येत नाही. मातीचा उतार असलेलं तळं किंवा बंधारा बघा. पहिल्यांदा पाण्यात घाबरला तर हा परत काठालाही यायचा नाही.