पँडोराचं चमकणारं रान: कल्पनेतल्या रात्रीला इतका उजेड कशाला?

करवंद:
जेम्स कॅमेरूनचा 'अवतार' हा सिनेमा २००९ च्या डिसेंबरात आला. त्यातल्या पँडोरा या कल्पित जगातलं रान रात्री चमकतं. तेव्हापासून कल्पनेतलं जग म्हटलं की रात्री निळं-जांभळं चमकणारं रान हवंच, असा पायंडा पडला आहे. व्हिडिओ गेम बघा, मुखपृष्ठं बघा, संगणकाकडून काढून घेतलेली चित्रं बघा, सगळीकडे तेच. माझं मत स्पष्ट सांगतो: पँडोराच्या त्या रानाने कल्पनेतली रात्र मारली. रात्रीच्या जंगलात काय आहे ते दिसत नाही, म्हणून तर माणूस कान टवकारतो, पाऊल जपून टाकतो. पँडोरावर पान, वेल, पायाखालचं शेवाळ, सगळंच लखलखतं. मग रात्र उरली कुठे?

आणि रंग? अगदी मंद उजेडात आपल्या डोळ्यांना रंग जवळजवळ कळतच नाहीत. पावसाळ्यात भीमाशंकरच्या रानात सडक्या लाकडावरची बुरशी चमकते. ती पाहायची तर विजेरी बंद करून गप्प थांबावं लागतं, डोळे अंधाराला पुरते सरावायला वीस-तीस मिनिटं जातात. फोटोत ती हिरवीगार दिसते, कारण कॅमेऱ्याचा पडदा बराच वेळ उघडा ठेवलेला असतो. डोळ्यांना दिसतो तो फिकट धुरकट उजेड. मला तोच जास्त अद्भुत वाटतो.

सुरंगी:
पूर्ण असहमत. तुम्ही सिनेमातला मूळ प्रसंगच विसरलात. सिनेमाचा नायक जेक रानात एकटा सापडतो तेव्हा त्याच्या हातात पेटता पलिता असतो आणि त्या उजेडात त्याला फक्त अंगावर येणारी जनावरं दिसतात. पँडोरावरच्या नावी लोकांतली नेतिरी तो पलिता पाण्यात विझवते, आणि मग रान उजळतं. म्हणजे आपला उजेड विझवल्याशिवाय तिथला दिसत नाही. भीमाशंकरला विजेरी बंद करायची म्हणता, ते याहून वेगळं काय आहे?

आणि हे खूळ काही २००९ चं नाही. कालिदासाने 'कुमारसंभवा'च्या पहिल्याच सर्गात हिमालयातल्या गुहांमध्ये रात्री चमकणाऱ्या वनस्पती दाखवल्या आहेत, तेल न घालता जळणारे दिवे म्हणून. चमकणाऱ्या रानाची ओढ आपल्याकडे फार जुनी आहे.

अवकाशप्रेमी:
पँडोरा हा पॉलिफेमस नावाच्या प्रचंड वायुग्रहाचा उपग्रह दाखवला आहे. एवढा मोठा ग्रह सूर्यप्रकाश परावर्तित करत डोक्यावर असेल तर तिथल्या बऱ्याचशा रात्री आपल्या पौर्णिमेपेक्षा कितीतरी उजळ असणार. अशा रात्री झाडांनी चमकण्यात शक्ती का घालवावी? इथे मी करवंद यांच्या बाजूने.

निशाचर:
शक्ती का घालवावी याचं उत्तर समुद्रात आहे. कॅमेरून 'अवतार'च्या आधी बुडालेल्या टायटॅनिकपर्यंत पाणबुडीतून अनेकदा जाऊन आला होता. खोल समुद्र त्याने स्वतः पाहिला आहे. कॅलिफोर्नियाजवळच्या समुद्रातल्या निरीक्षणांवरचा एक अभ्यास २०१७ साली आला. पाण्यात दिसलेल्या प्राण्यांपैकी ७६ टक्के स्वतःचा प्रकाश निर्माण करू शकणारे होते. तिथे चमकणं हा अपवाद नाहीच. पाऊल पडताच उजळणारं पँडोराचं शेवाळही तिथलंच वाटतं. कोकण किनाऱ्यावर कधीकधी लाट फुटताना निळी चमकते, तेव्हा त्यातले सूक्ष्मजीव धक्का बसला म्हणून उजळतात. कॅमेरूनने समुद्र उचलून जमिनीवर आणला. कल्पनेने हेच करायचं असतं.

करवंद:
निशाचर, समुद्राचं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे. खोल पाण्यात उजेड करणं ही जोखीम असते. भक्ष्याला भुलवायचं, जोडीदाराला बोलवायचं किंवा शिकाऱ्याला चकवायचं, काहीतरी कारण असल्याशिवाय कोणी चमकत नाही, कारण उजेड दिसला की शत्रूलाही ठावठिकाणा कळतो. पँडोरावर त्याची कुणालाच काही किंमत मोजावी लागत नाही. जमिनीवर निसर्गतः चमकणारी एकही फुलझाड-जात नाही. तंबाखूच्या झाडात काजव्याचं जनुक घालून ते चमकवलं ते १९८६ साली, प्रयोगशाळेत. उजेड कशासाठी हे न सांगता सगळं रान उजळलं की ती रोषणाई होते.

दगडफूल:
अकोले तालुक्यातून लिहितोय. भंडारदरा-पुरुषवाडीकडे मेअखेर ते जूनमध्ये काजवे बघायला गर्दी लोटते. काजव्याचं लुकलुकणं हे नर-मादीचं बोलणं आहे. गाड्यांचे दिवे आणि मोबाईलचे फ्लॅश पडले की ते बोलणं तुटतं. येणाऱ्यांना झाडन् झाड पेटलेलं हवं असतं, अर्धा तास काळोखात उभं राहायची तयारी नसते. दोष सिनेमाचा म्हणणार नाही, पण करवंद बोलतायत ती सवय मी दर वर्षी बघतो.

सुरंगी:
दगडफूल, फ्लॅश मारणाऱ्यांबद्दल तुमच्याइतकीच चीड मलाही आहे. पण करवंद, 'कशासाठी' हे सिनेमात सांगितलं आहे. झाडांची मुळं एकमेकांशी जोडलेली आहेत, पूर्वजांचे आवाज त्यांत साठलेले आहेत. त्या आवाजांच्या झाडाखाली जेक आणि नेतिरी रात्री असतात, झाड उजळलेलं असतं, आणि सकाळी तिथेच बुलडोझर येतात. रात्री ते तसं पाहिलं नसतं तर सकाळी पोटात तुटलं असतं का? आपल्याकडे देवराया तुटतात तेव्हा बाहेरच्यांना नुसती लाकडं दिसतात. झाड जिवंत आहे हे ज्याला दिसत नाही, त्याला ते दाखवायला हा उजेड आहे.

करवंद:
देवराईचा मुद्दा मनाला लागला, आणि त्या सकाळचं दुःखही मान्य. पण तो प्रसंग असा कल्पून बघा: चहूकडे रान काळंकुट्ट, पुढचं दिसत नाही, आणि फक्त ते एकच झाड उजळलेलं. सकाळी तेच गेलं, तर तुटणं दुपटीने जाणवलं नसतं का? सगळंच चमकत होतं म्हणून नेमकं काय गेलं ते कळायला आपल्याला पात्रांचं रडणं बघावं लागलं.

सुरंगी:
नाही पटत. एकच झाड उजळलं तर तेवढंच पवित्र ठरतं आणि बाकीचं रान तोडायला मोकळं. नावी लोकांचं म्हणणं नेमकं उलट आहे.