पोर्तुगालात लाल पायांच्या तितरांसाठी बारा बोअरला कोणता चोक लावावा?

फोंडेकर

नमस्कार. नोव्हेंबरात आलेंतेजूत एव्होराजवळ मावसभावाकडे जायचे आहे. तिथे लाल पायांच्या तितरांची शिकार आहे: रांगेने चालायचे, पुढे कुत्रे. परवान्यांचे काम चालू आहे. बंदूक भावाची आहे. बेरेटा, बारा बोअर, वर-खाली नळ्या, लांबी ७१ सेंमी, चेंबर (काडतूस बसते ती जागा) ७० मिमी, बरोबर पाच चोक ट्यूब, म्हणजे नळीच्या तोंडात बसवून ते कमी-जास्त आवळणारी नळकांडी. ट्यूबच्या तोंडावर नाव नाही, नुसत्या खाचा आहेत. माझा हात बसला आहे तो घरच्या जुन्या दुनळीवर. तिच्या उजव्या नळीत अर्धा आणि डाव्या नळीत पूर्ण चोक कायमचा कोरलेला आहे.

विचारायचे ते असे: खालच्या नळीत कोणता चोक आणि वरच्या नळीत कोणता? काडतूस किती ग्रॅमचे, छर्रा किती मिमीचा? आणि पाणथळीजवळ शिसे चालत नाही म्हणून स्टील घेतले तर चोक बदलावा लागतो का?

डिचोलीकर

आधी उत्तर देतो, कारणे मागाहून. खाली पाव चोक, वर अर्धा. शिशाचे काडतूस २८ ते ३२ ग्रॅम, छर्रा २.५ मिमी. ट्यूब पाचच असतील तर हीच जोडी बहुतेक दिवस पुरेल.

चोक ठरवताना पक्ष्याचे नाव बाजूला ठेवा. तो किती अंतरावर छर्ऱ्यांच्या टप्प्यात येणार ते बघा. कुत्र्याने थांबून दाखवलेले तितर १२ ते १५ मीटरवर उठते. तुम्ही बंदूक खांद्याला लावून घोडा दाबेपर्यंत ते २०-२५ मीटरवर गेलेले असते, दुसरा बार होतो तेव्हा ३०-३५ वर. तुमचे सगळे काम या दोन आकड्यांच्या मध्ये आहे.

आता घेर. १८ मीटरवर पूर्ण चोकच्या छर्ऱ्यांचा मुख्य घेर साधारण ४० सेंमी असतो, उघड्याकडच्या चोकचा साधारण ६५ सेंमी. पूर्ण चोकने एवढ्या जवळ एक तर नेम चुकतो, नाही तर मांसात इतके शिसे जाते की पक्षी खाण्याजोगा राहत नाही. जुन्या दुनळीच्या सवयीने पूर्ण चोक लावाल, त्याआधी हे डोळ्यांसमोर आणा.

दुसरा हिशेब छर्ऱ्यांच्या संख्येचा. चोकची जुनी मोजणी ३६.५ मीटरवर, ७६ सेंमी व्यासाच्या वर्तुळात किती टक्के छर्रे पडतात यावर होते. सिलिंडर म्हणजे चोक नसलेली नळी ४० टक्के, पाव चोक ५० ते ५५, अर्धा ६०, पाऊण ६५, पूर्ण ७०. २.५ मिमीचे शिशाचे छर्रे एका ग्रॅमला ११ बसतात, म्हणजे ३० ग्रॅमच्या काडतुसात ३३०. तितर खात्रीने पडायचे तर त्या वर्तुळात १३० च्या आसपास छर्रे हवेत, ही प्रचलित मर्यादा आहे. पाव चोक ५० टक्केच धरला तरी ३६.५ मीटरवर १६५ पडतात. २५ मीटरवर तर मुबलक. सिलिंडर १३२ देतो, म्हणजे काठावर; त्यातही कडेचे छर्रे विरळ असतात. म्हणून सिलिंडर लावाल तर आपणहून २५ मीटरच्या आत राहा.

छर्रा मोठा केला की हिशेब लगेच फिरतो. २.८ मिमीचे ३२ ग्रॅमला २५० च बसतात. मग ३५ मीटरसाठी अर्धा चोक लावावाच लागतो. तितरासाठी इतका जाड छर्रा घेण्याचे कारण मला दिसत नाही. खोक्यावरच्या नंबरवर जाऊ नका. अमेरिकी ६ नंबर २.८ मिमी, इंग्लिश ६ नंबर २.६ मिमी, इटालियन नंबर आणखी वेगळे. मिलिमीटर छापलेले असतात तेच वाचा.

पेडणेकर

डिचोलीकरबाबांच्या उत्तरात भर घालतो, खाचांपुरती.

बेरेटाच्या ट्यूबवर जितक्या खाचा जास्त तितका चोक मोकळा. एक खाच पूर्ण, दोन पाऊण, तीन अर्धा, चार पाव किंवा त्याहून थोडा मोकळा, पाच म्हणजे सिलिंडर. नवख्या माणसाचा इथेच उलटा घोळ होतो: पाच खाचा म्हणजे सगळ्यात आवळ समजून ३५ मीटरवर सिलिंडर चालवतो. तुमच्या कामाला खाली चार खाचांची, वर तीन खाचांची.

पण खाच ही फक्त चिठ्ठी आहे. खरा चोक म्हणजे नळीचा आतला व्यास वजा ट्यूबच्या तोंडाचा व्यास. बारा बोअरचा ठरलेला व्यास १८.५ मिमी, तरी काही बनावटीच्या नळ्या आतून १८.८५ मिमीपर्यंत मोकळ्या कोरलेल्या असतात. समजा ट्यूबचे तोंड १८.० मिमी आहे. पहिल्या नळीत तो ०.५ मिमी, म्हणजे अर्धा चोक. दुसऱ्या नळीत तोच ०.८५ मिमी, म्हणजे जवळजवळ पूर्ण. म्हणून दुसऱ्या बंदुकीची ट्यूब आटे जुळले तरी लावू नये. पाव चोक ०.२५, अर्धा ०.५, पाऊण ०.७५, पूर्ण १.० मिमी, हे आकडे लक्षात ठेवा आणि तिथल्या बंदूकवाल्याकडून बोअर गेजने एकदा मोजून घ्या.

बेरेटात मोबिलचोक, ऑप्टिमा चोक आणि ऑप्टिमा एचपी अशी वेगवेगळी कुटुंबे आहेत. एकाची ट्यूब दुसऱ्यात चालत नाही. काही वेळा दोन-चार आटे बसतात आणि पुढे अडते. तिथेच थांबा. अर्धवट बसलेल्या ट्यूबमधून बार काढला तर गॅस ट्यूबच्या मागे शिरतो, कडा बाहेर फुगते आणि नळीचे तोंडही फाटते. ट्यूब न लावता बार काढला तरी आटे जातात.

बसवायची पद्धत: बंदूक मोडून, म्हणजे नळ्या बिजागरीवर खाली पाडून, दोन्ही चेंबर रिकामे आहेत हे डोळ्यांनी बघा आणि बोटानेही चाचपा. आटे नायलॉनच्या ब्रशने साफ करा. चोकसाठी मिळणाऱ्या ग्रीसचा पातळ थर आट्यांना लावा. जाड थर दारूची काजळी धरून ठेवतो. ट्यूब हाताने शेवटपर्यंत फिरवा, मग चावीने फक्त घट्ट बसेल इतकीच. मग बंदूक मोडलेली ठेवूनच मागून प्रकाश धरून नळीत बघा. नळी संपते आणि ट्यूब सुरू होते तिथे ट्यूबची कडा आत डोकावत असेल, तर ती ट्यूब वापरूच नका. दर २५ बारांनी चावीने एकदा तपासा, कारण गरम होऊन ती ढिली होते. शिकारीच्या मध्येच चोक बदलायचा असेल तर आधी काडतुसे काढा. तोंडाशी हात जातो तेव्हा नळीत काही असता कामा नये.

अडकलेली ट्यूब पाने-पक्कड लावून काढू नये. आट्यांत शिरेल असे तेल सोडून रात्रभर ठेवा, मग बरोबर मापाच्या चावीने. गोव्याच्या पावसाळी दमटीत तर ट्यूब महिन्यातून एकदा काढून पुसून परत लावली नाही तर गंजाने जाम होते.

फोंडेकर

दोघांचे आभार. एकच शंका. भाऊ म्हणतो, हंगाम पुढे सरकला की पक्षी सावध होतात आणि ४० मीटरवर उठतात. मग वरच्या नळीत पाऊण किंवा पूर्ण का नको?

डिचोलीकर

४० मीटरवर उठणारे तितर बार होईपर्यंत ५० मीटरवर असते. तिथे चोक छर्रे एकत्र ठेवील, पण २.५ मिमीच्या छर्ऱ्यात तितकी ताकद उरत नाही. पक्षी जखमी होऊन जातो आणि कुत्र्यालाही सापडत नाही. तो बार काढू नये, हे माझे ठाम मत आहे. हंगामाच्या शेवटी वाऱ्याच्या दिवशी खाली अर्धा आणि वर पाऊण, छर्रा २.७ मिमी, इतपत बदल ठीक. पूर्ण चोक खिशातच राहू द्या.

स्टीलचे उत्तर राहिले होते. युरोपीय संघात १५ फेब्रुवारी २०२३ पासून पाणथळ जागी आणि तिच्यापासून १०० मीटरच्या आत शिशाच्या छर्ऱ्यांना बंदी आहे. आलेंतेजूत धरणे आणि शेततळी पुष्कळ आहेत, त्यामुळे भावाला ते क्षेत्र कसे आहे ते विचारा. स्टील हलके आणि कडक असते. तोच चोक लावला तर छर्रे शिशापेक्षा एक पायरी आवळ पडतात, कारण ते नळीत चेपत नाहीत आणि इकडेतिकडे उडत नाहीत. म्हणून खाली सिलिंडर किंवा चार खाचांची, वर तीन खाचांचीच. त्यापुढे जाऊ नका. छर्रा मात्र दोन पायऱ्या मोठा घ्या, ३.० मिमी. तो ग्रॅमला ९ बसतो, २८ ग्रॅमला साधारण २५०. अंतर ३० मीटरच्या आत ठेवा. साध्या स्टीलच्या काडतुसाला छर्ऱ्याची मर्यादा ३.२५ मिमी आहे. त्याहून जाड किंवा जोरकस स्टीलसाठी नळीवर लिलीच्या फुलाचा शिक्का असलाच पाहिजे. जुन्या दुनळीच्या पूर्ण चोकातून स्टील कधीच नको, तोंडाजवळ नळी कड्यासारखी फुगते.

साखळी१२

इतका हिशेब करून कागदावर बार काढला नाही तर सगळे हवेत. दोन बंदुकांत एकाच खाचेची ट्यूब वेगळे छर्रे टाकते, आणि तीच ट्यूब काडतूस बदलले की वेगळी वागते.

१२० सेंमी चौरस कागद ताणून लावा, मागे मातीचा बंधारा. मधोमध मूठभर काळा ठिपका. ३६.५ मीटरवरून करायची गरज नाही. तुमचा खरा बार ज्या अंतरावर होईल तिथून करा, २५ आणि ३५ मीटर. टेकून, प्रत्येक नळीचे पाच-पाच बार, दर बारला नवा कागद. एका बारावरून निकाल लावू नका, चढउतार खूप असतो. मग छर्ऱ्यांची सगळ्यात दाट जागा बघून तिला केंद्र धरून ३८ सेंमीच्या दोरीने वर्तुळ काढा आणि भोके मोजा. खोक्यावर छर्ऱ्यांची संख्या नसते, तेव्हा एक काडतूस भावाकडून उघडून घ्या आणि छर्रे मोजा.

मोजण्याइतकेच महत्त्वाचे म्हणजे मोकळ्या जागा. पुठ्ठ्याचा तितराएवढा आकार कापा, शेपूट-पंख सोडून नुसते धड, आणि कागदावर फिरवा. त्यात तीनपेक्षा कमी भोके येतील अशा जागा पुष्कळ सापडल्या तर एक पायरी आवळा. मधे ढीग पडून कडा रिकाम्या दिसल्या तर एक पायरी मोकळे करा. घेराचे केंद्र ठिपक्याच्या डावी-उजवीकडे सरकले असेल तर ते चोकचे नाही, दस्त्याच्या मापाचे किंवा गाल टेकण्याच्या पद्धतीचे काम आहे. आधी ते सुधारा.

वॅड म्हणजे काडतुसात दारू आणि छर्रे यांच्या मधले बूच. फायबर वॅड आणि प्लास्टिक वॅड यांत फरक पडतो. प्लास्टिकची वाटी छर्ऱ्यांना नळीला घासू देत नाही, त्यामुळे छर्रे थोडे आवळ पडतात. तिथे गुरे चरणाऱ्या रानात पुष्कळ जण फायबरच वापरतात. ज्या वॅडने शिकार करणार त्याच काडतुसाने कागद मारा.

पेडणेकर

फोंडेकर, जाण्याआधी इथे सराव करायचा विचार असेल तर एक स्पष्ट सांगतो. रानकोंबडा, तित्तिर, मोर यांच्यापैकी कशावरही बार काढणे वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ खाली गुन्हा आहे. शेतीरक्षणासाठी दिलेल्या परवान्याची बंदूक त्याच कामापुरती असते, म्हणून मातीच्या चकत्या उडवायच्या तर परवानगी असलेल्या रेंजवरच जा.

घरी करता येण्यासारखा सराव पुष्कळ आहे. रिकामी बंदूक, चेंबरमध्ये खोटी काडतुसे, पाय टाकत येऊन बंदूक कमरेपासून खांद्याला. गाल दस्त्याला आणि दस्ता खांद्याला एकदमच लागला पाहिजे. रोज वीस वेळा. कोणती नळी आधी सुटावी ते ठरवणारे निवड-बटण अंगठ्याने डावी-उजवीकडे सरकवण्याचीही सवय करा, म्हणजे जवळ उठलेल्या पक्ष्यावर चुकून वरची नळी सुटणार नाही. भावाच्या बेरेटात ते बहुधा सेफ्टीवरच असते, आणि कोणत्या बाजूला कोणती नळी ते पोचल्यावर पहिल्याच दिवशी खोट्या काडतुसांवर पडताळून घ्या.