सल्ला हवा आहे: तर्कावर जगणारे जीव कथेत कसे रंगवावेत?

गवतफूल
एक मोठी अद्भुतकथा लिहितेय. तिच्या जगात काही जीव आहेत, ते माणसाच्या तर्कशुद्ध विचारावर जगतात. रक्त नको, मांस नको. कुणी कार्यकारण जुळवू लागला की ते जवळ सरकतात. सध्याच्या मसुद्यात ज्याला ते गाठतात तो माणूस सरळ वेडा होतो. वेड्यांच्या गावाची दया येते, भीती वाटत नाही. मला भीती हवी आहे. खाऊन झाल्यावर माणसात काय उरावं? या जीवांना त्या जगाच्या निसर्गात जागा कशी द्यावी? आणि त्यांच्यापासून बचाव काय?

अंधारयात्री
वेताळाकडे बघा. राजाला उत्तर ठाऊक असून तो गप्प राहिला तर त्याच्या डोक्याची शकलं होणार, आणि बोलला तर वेताळ परत झाडावर. ज्याला उत्तर सुचत नाही त्याला काहीच धोका नाही. तुमच्याकडेही सगळ्यात शहाणा माणूस आधी सापडू द्या.

तळटीप
‘तर्क खातो’ एवढ्याने भागणार नाही. तर्काचा कोणता तुकडा खातो, ते ठरवा.

न्यायदर्शनात, म्हणजे आपल्याकडच्या जुन्या तर्कशास्त्रात, अनुमानाचे पाच अवयव सांगितलेत: प्रतिज्ञा, हेतू (म्हणजे कारण), उदाहरण, उपनय, निगमन (म्हणजे निष्कर्ष). डोंगरावर आग आहे. कारण तिथे धूर आहे. जिथे धूर तिथे आग, जशी चुलीत. या डोंगरावर तसाच धूर आहे. म्हणून तिथे आग आहे. आता यातला एकेक अवयव काढून बघा. निगमन गेलं तर माणसाला धूर दिसतो, नियमही आठवतो, पण ‘म्हणून’पाशी तो थांबतो आणि डोंगराकडे बघत उभा राहतो. उदाहरण गेलं तर धूर आणि आग यांची सांगडच तुटते, प्रत्येक वणवा त्याला नव्याने भाजतो.

मला सगळ्यात भयंकर वाटतो तो हेतू खाणारा जीव. निष्कर्ष जसाच्या तसा राहतो, त्याच्याखालचं कारण तेवढं नाहीसं होतं. ‘डोंगरावर आग आहे’ हे त्या माणसाला पक्कं ठाऊक असतं. उद्या धूर विरला तरी त्याचं मत हलत नाही, कारण ते ज्यावर उभं होतं तेच आता त्याच्यापाशी नाही. असा माणूस वेडा दिसत नाही, ठाम दिसतो. गाव त्याच्याच मागे जाईल.

शिवाय कारणाची जागा माणूस मोकळी ठेवत नाही. मायकेल गॅझॅनिगा आणि जोसेफ लडू या मेंदूशास्त्रज्ञांनी १९७०च्या दशकात एक प्रयोग केला होता. मेंदूच्या दोन अर्धगोलांना जोडणारा पट्टा शस्त्रक्रियेने कापलेल्या एका रुग्णाच्या डाव्या अर्धगोलाला कोंबडीचा पंजा दाखवला, उजव्याला बर्फाचं दृश्य. मग समोरच्या चित्रांतून जुळणारी चित्रं निवडायला सांगितली. उजव्या हाताने कोंबडी निवडली, डाव्या हाताने (तो उजव्या अर्धगोलाच्या ताब्यात असतो) फावडं. का, असं विचारल्यावर त्याने लगेच सांगितलं, की पंजा कोंबडीचा आहे आणि खुराडं साफ करायला फावडं लागतं. बोलणाऱ्या डाव्या अर्धगोलाने बर्फ पाहिलाच नव्हता. तो खोटं बोलत नव्हता, हे महत्त्वाचं. तुमची पात्रंही इतक्याच सहजपणे बोलू द्या.

गवतफूल
हेतू खाणारा जीव नक्की घेतेय! वाचतानाच एक प्रसंग डोळ्यांसमोर आला. अंधार पडल्यावर नदी ओलांडायची नाही, असा गावाचा नियम. एक मूल विचारतं, का? प्रत्येक मोठा माणूस वेगळं कारण सांगतो आणि प्रत्येकाला आपलंच खरं वाटतं. खरं कारण वरच्या खोऱ्यातल्या बांधाचं आहे, तिथून रात्री पाणी सोडायचे. बांध केव्हाच फुटलाय.

रानवाट
झकास प्रसंग. निसर्गातल्या जागेबद्दल सांगतो. सायमोथोआ एक्झिग्वा नावाचा एक समुद्री परजीवी आहे. तो कल्ल्यांतून माशाच्या तोंडात शिरतो, जिभेतलं रक्त शोषतो, जीभ वाळून झडते आणि मग तो स्वतःच जिभेच्या जागी बसतो. मासा जगत राहतो. तुमचा जीवही हेतू खाऊन निघून जायला नको. त्याने तिथेच बसावं. ती नवी कारणं माणूस रचतोय की आत बसलेला जीव, हे शेवटपर्यंत उघड करू नका.

दुसरी गोष्ट, अन्नसाखळीत एका पायरीवरची ऊर्जा पुढच्या पायरीवर साधारण दहा टक्केच पोचते. म्हणजे विचार करणारी माणसं खूप आणि हे जीव मोजके, असं ठेवा. ते वेधशाळा, न्यायसभा, पाठशाळा उद्ध्वस्त करणार नाहीत, उलट जपतील. वाद मिटत आला की त्यांची उपासमार होणार, म्हणून ते वाद पेटते ठेवतील.

अंधारयात्री
बचावासाठी एक सुचतंय. अलेक्झांडर लुरिया या सोव्हिएत मानसशास्त्रज्ञाने १९३१-३२मध्ये उझबेकिस्तानातल्या निरक्षर शेतकऱ्यांना विचारलं होतं: दूर उत्तरेला जिथे बर्फ असतो तिथली सगळी अस्वलं पांढरी असतात, नोव्हाया झेम्ल्या तिथे आहे, मग तिथली अस्वलं कोणत्या रंगाची? कित्येकांचं म्हणणं, आम्ही पाहिली नाहीत, ज्याने पाहिलीत त्याला विचारा. न पाहिलेल्यावर अनुमान करायचंच नाही, असा एखादा मेंढपाळ नायक घ्या. त्याला हे जीव खाऊ शकणार नाहीत.

तळटीप
इथे मी सहमत नाही. ओळखीच्या गोष्टींबद्दल हीच माणसं नीट अनुमान करत होती, हेही लुरियांनीच नोंदवलंय. मेंढपाळ पावलांवरून लांडगा ताडतो, तेही अनुमानच. तो सुटणार नाही. ‘अडाणी म्हणून सुरक्षित’ हे त्याच्यावर अन्यायाचंही होईल.

बचाव अनुमानाच्या रचनेतूनच काढा. अवयव वाटून घ्यायचे: निष्कर्ष एकाकडे, हेतू दुसऱ्याकडे, उदाहरण तिसऱ्याकडे. कुणाच्याच डोक्यात पुरं अनुमान नाही, म्हणून जीवाला कुठेच पोटभर मिळत नाही. किंमत मोठी आहे, एकट्या माणसाला कुठलाच निर्णय घेता येत नाही. आणि तिघांतला एक मेला तर?

गवतफूल
तो ‘मेला तर’ मला हवाच होता. हेतू सांभाळणारी म्हातारी पहिल्याच प्रकरणात मरते, असं करते. निवेदन ग्रस्त झालेल्या माणसाच्याच तोंडी ठेवू का? वाचकाला कळेल?

रानवाट
ठेवा. फक्त खरं कारण आधीच्या प्रकरणात कुणाच्या तरी बोलण्यात जाता जाता येऊ द्या. पुढे निवेदक तीच गोष्ट वेगळ्या कारणाने सांगेल, तेव्हा वाचक मागची पानं उलटेल.