झटपट परतलेली पालेभाजी : तुमचे अनुभव

ओसरी
काल माठाची जुडी घेतली. घरी येऊन पाहते तर रबर नाही, केळीच्या सोपटाने बांधलेली. किती वर्षांनी दिसलं! आणि एकदम आत्या आठवली.

आत्या चाळीत दोन खोल्यांत राहायची आणि जेवणाच्या वेळेला तिच्याकडे कुणीतरी हमखास टपकायचं. आमटी-भात तयार असायचाच, पाहुणा दिसला की ती एक जुडी परतायला घ्यायची. लोखंडी कढई आधी नुसतीच तापवायची. मग तेल, ठेचलेला लसूण, सुक्या मिरचीचे तुकडे. लसणाच्या कडा तांबूस झाल्या की चिरलेला माठ एकदम आत. झाकण नाही. मीठ अगदी शेवटी, कारण पाला दिसतो ढीगभर आणि बसतो मूठभर, ढिगाच्या अंदाजाने मीठ पडलं तर संपलं. वरून ओलं खोबरं.

गंमत म्हणजे ती कढईकडे बघायचीच नाही. तोंड पाहुण्याकडे, कान कढईकडे. चर्र वाजतंय तोवर भाजी परतली जातेय. आवाज बसला, बुडबुड ऐकू आली की पाणी सुटलंय, मग बोलता बोलताच हात मागे जाऊन जाळ मोठा व्हायचा. माझ्या स्वयंपाकघरात चिमणी एवढ्या मोठ्याने घरघरते की भाजीचा आवाजच येत नाही. काल ती बंद करून परतलं, तर नवरा म्हणतो घरभर लसूण झालाय. होऊ दे.

तुमच्याकडे अशी झटपट पालेभाजी कोणती, कोण करायचं, काय आठवतं ते लिहा. पाककृती नकोत, त्या सगळ्यांना येतात.

मोदकपात्र
झटपट?? आणि निवडायचं कोणी?

दोन जुड्या मेथी निवडायला मालिकेचा अख्खा भाग जातो जाहिरातींसकट. परतायला सात मिनिटं. पाककृतीत मात्र 'लागणारा वेळ : १० मिनिटे'. आमच्याकडे निवडायला आजी होती. तिच्याबद्दल सगळे म्हणायचे, तिला काही काम नसतं हो, बसल्या बसल्या भाजी निवडते. ती गेल्यावर कितीतरी महिने घरात मेथीच आली नाही. कोणाच्या लक्षातही आलं नाही का येत नाही ते. आईच एकदा म्हणाली, अगं बसायला कोण आहे आता.

भटकी_खार
मोदकपात्र +१००
आमच्याकडे वर्तमानपत्र पसरून सगळे बसायचो, आणि निवडता निवडता खालची बातमी वाचत बसलं म्हणून ओरडा खायचा

टपरीवरचा_चहा
आता निवडलेली मिळते की पाकिटात

मोदकपात्र
मिळते. त्यात निम्म्या काड्या असतात, परत निवडायला लागते 😀

कोकणकडा७२
टाकळा!! कोणी लिहिला कसा नाही अजून. पाऊस सुरू होऊन आठ-दहा दिवस झाले की बांधावर, रस्त्याच्या कडेला हिरवं गच्च व्हायचं. कोवळा तेवढाच खुडायचा, नंतर जून होतो आणि चव जाते. दिवस मावळला की टाकळ्याची पानं मिटतात, त्यामुळे संध्याकाळी खुडायला पाठवलं की आम्ही 'झोपला तो' म्हणून परत यायचो. कांदा, मिरची, खोबरं, आणि मे महिन्यात फणस खाऊन जपून ठेवलेल्या आठळ्या उकडून ठेचून घालायच्या. आजी म्हणायची वर्षातून एकदा तरी पोटात गेलाच पाहिजे. का ते तिने सांगितलं नाही, आम्ही विचारलं नाही.

रेल्वेच्या रुळाकडेलाही माजतो तो, पण तिथला नको. खाली कसलं पाणी असतं कोणास ठाऊक.

भटकी_खार
आणि फोडशी? ती गवतासारखी दिसते ती, आतला दांडा काढायचा असतो ना

कोकणकडा७२
हो तीच. दांडा काढून बारीक चिरायची, चण्याची डाळ भिजवून घालायची. पण ओळख असेल तरच रानातलं खुडा बाबांनो. शेवळांचं माहितीये ना, काकडं घातली नाहीत तर घसा धरतो. विकणाऱ्या बायका दोन्ही बरोबरच ठेवतात ते उगीच नाही.

उंटावरचा_शहाणा
मी जर्मनीत. इथे शेपू मिळतो, पण चिमूटभराच्या पाकिटात, माशावर नाहीतर काकडीवर भुरभुरवायला. भाजी करायची म्हणून दुकानातली होती तेवढी पाकिटं टोपलीत टाकली. गल्ल्यावरची बाई आधी पाकिटांकडे, मग माझ्याकडे बघत राहिली. तिला वाटलं असेल घरी देवमासा आहे.

भिजवलेली मूगडाळ घालून परतला. खोलीतला मित्र नागपूरचा, त्याने खिडक्या उघडल्या. बाहेर उणे तापमान.

ओसरी
देवमासा 😂😂

मोरपंखी
मित्राला माझा पाठिंबा. शेपू ही भाजी नाही, शिक्षा आहे. संध्याकाळपर्यंत ढेकरातून आठवण करून देते

उंटावरचा_शहाणा
तुमचा निषेध

रात्रपाळी
माझे बाबा एकच भाजी करायचे आणि ती हीच. आई नर्स, आठवड्याआड रात्रपाळी. ती सहाला निघाली की बाबा बाजारातून जुडी आणायचे, बहुतेक वेळा लाल माठ, कारण माठ फारसा निवडावा लागत नाही. देठ टाकायचे नाहीत. जाड देठ बोटाने मोडून दोरा ओढून काढायचे, बोटभर तुकडे करून आधी तेलात टाकायचे, जरा मऊ झाले की मगच पानं. त्यामुळे पानांचा लगदा न होता देठ शिजायचे. हे त्यांना कोणी शिकवलं नव्हतं. गिरणीत फिटर होते, 'जाड पार्ट आधी तापवायचा' एवढंच कारण द्यायचे.

भात माठाने गुलाबी व्हायचा. धाकट्या भावाला तो गुलाबी भात हवाच असायचा, पांढरा उरला तर रडायचा. आई सकाळी आली की डब्यात काढून ठेवलेली भाजी उभ्याउभ्या ओट्याशीच खायची, गार. बाबा विचारायचे, मीठ बरोबर आहे का? ती रोज म्हणायची, थोडं कमी. मी एकदा चाखून बघितली, मीठ व्यवस्थित होतं. मग मोठेपणी आईला विचारलं तर म्हणाली, बरोबर आहे म्हटलं असतं तर सगळ्या भाज्या त्यांच्याच गळ्यात पडल्या असत्या का? नसत्या. उलट एवढी एक पण सोडून दिली असती, 'जमली आता' म्हणून.

मोदकपात्र
किती हुशार बाई! नमस्कार सांगा

भटकी_खार
गुलाबी भात 🥹 आमच्याकडे पण

बखरकार
ओसरींच्या आत्याबाई झाकण ठेवत नव्हत्या ते शास्त्राला धरून आहे. पानं तापली की त्यातली आम्लं बाहेर पडतात, काही वाफेबरोबर उडून जातात. झाकण असेल तर ती वाफ थेंब होऊन परत कढईत येते. हरितद्रव्याच्या रेणूच्या मध्यभागी मॅग्नेशियम असतं, आम्लामुळे ते निघून जातं आणि हिरव्याचा मळकट शेवाळी रंग होतो. म्हणून लिंबूसुद्धा शिजताना नको, ताटात पिळावं. ताटात मात्र जरूर पिळावं, पालेभाजीतलं लोह अंगी लागायला क जीवनसत्त्वाची मदत होते. आणि जेवल्यावर लगेच चहा घेतलात तर तोच चहा लोहाला अडवतो. खाणावळीत रंग राखायला चिमूटभर सोडा घालतात, रंग राहतो पण पानं गिळगिळीत होतात आणि जीवनसत्त्वंही मरतात.

पालकात नव्वद टक्क्यांहून जास्त पाणीच असतं. तेव्हा कढई पुरेशी तापलेली नसेल किंवा पानं धुऊन ओलीच टाकली तर ती परतली जात नाहीत, उकडली जातात. आत्याबाई जो आवाज ऐकत होत्या तो हाच फरक.

मोरपंखी
सर, आता वाढा, भूक लागली

बखरकार
वाढतो. चहा मिळणार नाही.

सुनंदाची_सून
एक विचारते, थोडं वेगळं आहे. सासऱ्यांची हृदयाची झडप बदलली, तेव्हापासून रक्त पातळ ठेवायची गोळी चालू आहे. शेजारच्या काकूंनी सांगितलं पालेभाजी पूर्ण बंद. त्यांना तर रोज लागते, जेवणच जात नाही. कोणाकडे आहे का असं?

रात्रपाळी
वॉरफेरिन असेल ना? आईकडून विचारून लिहिते. बंद करायची नसते सहसा. पालेभाजीत के जीवनसत्त्व भरपूर, ते गोळीच्या उलट काम करतं. म्हणून घोळ होतो तो कमीजास्त खाण्याने, आठवडाभर काही नाही आणि रविवारी पातेलंभर, असं नको. रोज साधारण तेवढीच खाल्ली तर डॉक्टर त्या हिशोबाने डोस बसवतात, त्यासाठीच तर ती रक्ताची आयएनआर तपासणी. हल्लीच्या काही नव्या गोळ्यांना हे पथ्य लागत नाही. झडप धातूची असेल तर मात्र वॉरफेरिनवरच ठेवतात. गोळीचं नाव घेऊन डॉक्टरांनाच विचार, काकूंना नको.

सुनंदाची_सून
हो वॉरफेरिनच. खूप आभार गं. उद्याच फोन करते. ते चार दिवस आमटीत पोळी कालवून गप्प जेवतायत, बघवत नाही

कोकणकडा७२
एक वाटी ठरवून द्या त्यांना. आमच्या वडिलांची वाटी ठरलेली आहे, दुसऱ्या कोणी घेतली तर रागावतात

टपरीवरचा_चहा
श्रावणात आमच्याकडे पालेभाजी बंद, त्यामुळे हा धागा महिनाभर बाजूला ठेवतो

पांढरकवडा_एक्सप्रेस
थंडीत हरभऱ्याची भाजी. शेतात शेंडे खुडले की झाड आणखी फुटतं, म्हणून मालक पण नाही म्हणत नाही. पानांवर आंब असते, बोटं चुरचुरतात अन् चाटली की मजा येते. धुतली की ती आंब निघून जाते, म्हणून आजी धुऊ द्यायची नाही. आता फवारणीमुळे धुवावीच लागते अन् मग ती चव येत नाही. लसूण, तेल, तिखट, ज्वारीची भाकर. बस. उरलेला पाला सावलीत वाळवून उन्हाळ्यासाठी डब्यात.

बाकी धुण्यावरून आठवलं, पालेभाजी पाण्यात बुडवून पाला वरच्या वर हाताने उचलायचा. लोक चाळणीत ओततात, मग खाली बसलेली माती परत पाल्यावरच येते.

मोरपंखी
हे चाळणीचं आमच्या घरात पिढ्यानपिढ्या चुकीचं चाललंय मग. म्हणून करकरते होय

भटकी_खार
करकर मातीची असते पण पालकाने दात खरखरीत होतात ते वेगळं ना?

बखरकार
ते ऑक्झलेट. माती नव्हे.

झणझणीत
लोखंडी कढईचं कोणीतरी सांगा. आईची आणली माहेरून, चुका परतला तर सगळा काळाकुट्ट आणि चवीला लोखंड चाटल्यागत

ओसरी
चुका, अंबाडी, काही आंबट लोखंडात नको. आंबटाने लोखंड उतरतं. माठ, मेथी, चवळी बिनधास्त कर. धुतली की फडक्याने पुसून मिनिटभर गॅसवर तापव आणि तेलाचा हात फिरव, गंज नाही धरणार.

झणझणीत
घासायला काय? तारेची घासणी मारली तर खालचा काळा थर जातो

कोकणकडा७२
नारळाची शेंडी

झणझणीत
सोललेले नारळ येतात आमच्याकडे, शेंडी देवापुरती ठेवलेली असते वर एवढीशी

पांढरकवडा_एक्सप्रेस
देवळात विचारा, पोतंभर पडलेली असते

झणझणीत
आमच्या देवळात नारळ फोडत नाहीत, नुसता ठेवतात आणि संध्याकाळी तोच परत बाहेरच्या दुकानात जातो 🙄

मोरपंखी
तोच नारळ मी पण वाहून आलेय बहुतेक