मेहदी हसन मिराज: ऑफस्पिनरच्या हाती नवा चेंडू का?

सदाशिवपेठी: बांगलादेशच्या मिराजचे २०१६ मध्ये इंग्लंडविरुद्ध पहिल्याच दोन कसोटींत १९ बळी, तेही सुरुवातीपासून गोलंदाजी करून. नव्या चेंडूवर फिरकी कशी चालते?

गहुंजेकर: शिवणीवर पडला तर वळतो, चकाकत्या चामड्यावर पडला तर सरळ घुसतो. फलंदाज वळणासाठी खेळतो आणि पायचीत. २०१७ ला आपल्या पुण्याच्या गहुंजे मैदानावर ऑस्ट्रेलियाचा फिरकीपटू ओकीफच्या भारताविरुद्धच्या १२ बळींतही सरळ चेंडूंचा मोठा वाटा.

तर्जनी: नेटमध्ये पोरं जुनाच चेंडू घासत बसतात, चुकतं तिथंच. पहिली सहा षटकं नव्यानं टाका, तर्जनीचं पेर शिवणीवर आडवं. नवा हातातून निसटतो, म्हणून पंजा कोरडा हवा. फुलटॉस पडतात ते निसटल्यामुळंच.

गहुंजेकर: आणि मॅटिंगवर, म्हणजे चटईच्या खेळपट्टीवर, सराव नको. तिथं सगळंच वळतं, फसायला होतं.