राज्य बुडालं म्हणून पोप मोठे झाले?

बखरवाला

थेट मुद्द्यावर येतो. २० सप्टेंबर १८७० रोजी इटलीच्या तोफांनी रोमच्या पोर्टा पिया वेशीजवळचा तट फोडला नसता, तर आज नवा पोप निवडताना धुराड्यातल्या धुराकडे जग असं डोळे लावून बसलं नसतं. राज्य बुडालं ते पोपच्या पथ्यावरच पडलं, असं माझं मत आहे.

त्याआधी पोप काय होते? मध्य इटलीतले एक संस्थानिक. तीसेक लाख रयत, वरचे कारभारी बहुतेक पाद्री, आणि गादी परक्या फौजेच्या जिवावर. नववे पायस १८४६ मध्ये गादीवर आले, राजकीय कैदी सोडले, लोकांनी डोक्यावर घेतलं. दोन वर्षांत त्यांच्या प्रधानाचा, पेलेग्रीनो रॉसीचा, भरदिवसा खून झाला आणि पोप साध्या पाद्र्याच्या वेशात गाएताला पळाले. परत आणलं फ्रेंच फौजेनं. १८५८ मध्ये बोलोन्यात एडगार्डो मोर्तारा या सहा वर्षांच्या ज्यू मुलाला मोलकरणीनं गुपचूप बाप्तिस्मा दिल्याचं उघड झालं, तर पोपच्या शिपायांनी त्याला आईबापांच्या घरातून उचलून नेलं. युरोपभर बोंब झाली, पण मुलगा काही परत मिळाला नाही. धर्मगुरूच्या हाताखाली पोलीस दिले की हे असं होतं.

१८६० मध्ये बहुतेक मुलूख गेला, १८७० मध्ये रोमही. इटलीनं तनखा देऊ केला, वर्षाला सव्वाबत्तीस लाख लिरा. आपले संस्थानिक तनख्यासाठी सुप्रीम कोर्टापर्यंत गेले होते. या गृहस्थांनी दारात आलेला परत पाठवला, स्वतःला 'व्हॅटिकनचा कैदी' म्हणवून घेतलं आणि त्यांच्यासकट पाच पोप मिळून १९२९ पर्यंत कोपभवनात बसले. ५९ वर्षं!

गंमत अशी की सत्ता वाढली ती कोपभवनातच. १८२९ मध्ये लॅटिन चर्चचे (रोमच्या पंथाचे) साडेसहाशेच्या आसपास बिशप, म्हणजे एकेका प्रांताचे मुख्य धर्मगुरू, होते. त्यातले साडेपाचशेहून जास्त त्या त्या देशाच्या सरकारानं नेमलेले, आणि पोपनं आपल्या अधिकारात नेमलेले जेमतेम दोन डझन. १९१७ च्या चर्चच्या कायदेसंहितेत मात्र सरळ लिहिलंय की बिशप पोप नेमतात. १९०३ मध्ये ऑस्ट्रियाच्या सम्राटानं कार्डिनल (पोप निवडणाऱ्या वरिष्ठ धर्मगुरूंपैकी एक) राम्पोल्ला पोप व्हायला नकोत म्हणून निवडसभेत नकाराधिकार वापरला होता. त्यानंतर निवडून आलेल्या दहाव्या पायसनी पुढच्याच वर्षी तो अधिकार बंद केला. आपण जिला दोन हजार वर्षांची पोपसत्ता समजतो ती माझ्या पणजोबांच्या वयाची आहे.

मतभेद असतील तर जरूर लिहा. धर्म चांगला की वाईट यावर मात्र नको, तो धागा दर महिन्याला निघतोच.

कोरडा पाऊस

लेख आवडला, निष्कर्ष नाही. कॅलेंडर उघडून बसा जरा. पोप श्रद्धा आणि नीतीच्या बाबतीत अधिकृतपणे जे घोषित करतात ते प्रमादातीत, म्हणजे चुकूच न शकणारं असतं, हा ठराव बिशपांच्या पहिल्या व्हॅटिकन परिषदेत झाला १८ जुलै १८७० ला. ५३३ बाजूनं, २ विरुद्ध. विरोधातले साठेक बिशप आधीच गाव सोडून गेले होते. दुसऱ्याच दिवशी फ्रान्सनं प्रशियाशी युद्ध पुकारलं, मग रोममधली फ्रेंच फौज परत बोलावली आणि मग तुमचा तो तट फुटला. म्हणजे सत्ता एकवटली आधी, राज्य गेलं नंतर. याच नवव्या पायसनी काढलेली १८६४ ची ८० 'चुकां'ची यादी आठवा. शेवटची चूक काय, तर पोपनं प्रगती, उदारमतवाद आणि आधुनिक संस्कृतीशी जुळवून घ्यावं असं म्हणणं! हे लिहिताना रोम त्यांच्याच ताब्यात होतं.

खरं मूळ आणखी मागे आहे. १८०१ मध्ये सातव्या पायसनी नेपोलियनशी करार केला आणि फ्रान्सच्या झाडून सगळ्या बिशपांना राजीनामे मागितले. असं त्याआधी कुठल्याच पोपनं केलं नव्हतं. फ्रान्सचं चर्च शतकानुशतकं रोमला जुमानत नव्हतं, त्याचा कणा नेपोलियननं मोडला आणि फायदा पोपना झाला. तुमच्या १८७० ला फुकटचं श्रेय मिळतंय.

खारुताई

पोप म्हणजे साताऱ्याचे छत्रपती म्हणायचे का मग? गादी, मान, वस्त्रं सगळं साताऱ्यात आणि कारभार पुण्यात?

बखरवाला

@खारुताई, बरोब्बर उलटं. वस्त्रं द्यायची तर छत्रपतींनीच, पण कुणाला द्यायची ते पुढे पेशवेच ठरवू लागले. इथे मुलूख गेल्यावर वस्त्रं देणाऱ्यानंच पेशवा निवडायला सुरुवात केली.

@कोरडा पाऊस, १८०१ चा मुद्दा मान्य, लेखात यायला हवा होता. पण ठराव करणं वेगळं आणि तो पचणं वेगळं. रोमवर राज्य करणारा, मुलं उचलून नेणारा 'प्रमादातीत' राजा जगानं किती दिवस सोसला असता? राज्य गेलं आणि त्याच माणसाचा हुतात्मा झाला. आयर्लंडपासून बेल्जियमपर्यंत सामान्य माणसं 'पीटर्स पेन्स' म्हणून पैसे पाठवू लागली होती, ती वर्गणी कैद्यासाठी कितीतरी जास्त प्रेमानं आली.

निर्मळची वाट

मी वसईचा, कॅथलिक. बखरवालेदादा, बिशप कोण नेमतो हा तुमच्यासाठी आकड्यांचा हिशेब असेल, आमच्याकडे त्यावरून गावं दुभंगली.

पाद्रोआदो म्हणजे पोपनंच पोर्तुगालच्या राजाला दिलेला हक्क: पूर्वेकडचे बिशप तू सुचव, चर्चचा खर्च तू उचल. पुढे राजाला खर्च झेपेना, पण हक्क सुटेना. म्हणून रोमनं १६२२ मध्ये प्रोपगांडा फिदे नावाचं खातं काढलं आणि आपली माणसं थेट पाठवायला सुरुवात केली. मुंबईत १७९४ पासून तर रीतसर दोन सत्ता झाल्या, काही चर्च गोव्याच्या आर्चबिशपकडे, काही रोमच्या प्रतिनिधीकडे. १८३८ मध्ये पोपनी कोचीन, मैलापूर वगैरे ठिकाणचा पोर्तुगालचा अधिकार काढून घेतला, तर गोव्याच्या पाद्र्यांनी तो हुकूम मानलाच नाही. पोपचा हुकूम हो! किल्ल्या कुणाकडे, जमीन कुणाची, यावरून तंटे.

आता यातली मेख ऐका. राजाच्या बाजूचे पाद्री कोण? गोव्याचे, काळेसावळे, आपल्या भाषेत बोलणारे. आणि पोपच्या बाजूचे? आधी इटालियन कार्मेलाइट, मग जर्मन जेझुइट (दोन्ही संन्यासी संघ). आमच्या पणज्याला 'आपला' फादर हवा असेल तर लिस्बनच्या राजाच्या बाजूला उभं राहावं लागायचं.

आणि तुमच्या सिद्धांताला इथेच खोच आहे. १८७० नंतर पोप इतके बळकट झाले होते, तर १८८६ मध्ये तेराव्या लिओंना पोर्तुगालशी घासाघीस का करावी लागली? गोव्याच्या आर्चबिशपला 'पूर्वेचे पॅट्रिआर्क' ही पदवी दिली, काही धर्मप्रांत राजाकडे ठेवले, तेव्हा मुंबईचा आर्चबिशप रोमच्या वाट्याला आला. १९२८ मध्ये आणखी एक तडजोड: मुंबईचा आर्चबिशप एकदा पोर्तुगीज, एकदा ब्रिटिश. पाळीपाळीनं! हे सगळं सुटलं १९५० मध्ये. थॉमस रॉबर्ट्स या इंग्रज आर्चबिशपनी जागा मोकळी करून दिली आणि व्हॅलेरियन ग्रेशियस त्या खुर्चीवर बसले. १९५३ मध्ये ते भारताचे पहिले कार्डिनल झाले.

प्रश्नचिन्ह

वरचा प्रतिसाद स्वतंत्र धाग्याच्या लायकीचा आहे. माझा मुद्दा वेगळा.

राज्य गेल्यामुळे नैतिक वजन वाढलं म्हणता. वजन कशात मोजलं? पंधरावे बेनेडिक्ट, हातात वीतभर जमीन नाही, त्यांनी १ ऑगस्ट १९१७ ला लढणाऱ्या सगळ्या देशांना पत्र लिहून युद्धाला 'व्यर्थ कत्तल' म्हटलं. दोन्ही बाजूंनी कचऱ्यात टाकलं. शांतता परिषदेत त्यांना शिरू द्यायचं नाही हे इटलीनं १९१५ च्या लंडनच्या गुप्त करारातच लिहून घेतलं होतं. हे वजन?

मग १९२९ मध्ये मुसोलिनीनं ४४ हेक्टर परत दिले, म्हणजे जेमतेम ११० एकर. वर ७५ कोटी लिरा रोख आणि १०० कोटींचे रोखे. १९३३ मध्ये हिटलरशी करार, सही कार्डिनल पाचेल्लींची. तेच पुढे बारावे पायस. १६ ऑक्टोबर १९४३ ला रोममध्ये हजाराहून जास्त ज्यू पकडून व्हॅटिकनपासून चालत जाण्याच्या अंतरावर कोंडले आणि ऑशविट्झला पाठवले. परत आले सोळा. पोपचा जाहीर निषेध? नाही.

कोरडा पाऊस

अर्धंच सांगितलंत. १९३७ मध्ये अकराव्या पायसचं नाझींविरुद्धचं पत्र लॅटिन सोडून मुद्दाम जर्मन भाषेत लिहिलं, चोरून छापलं आणि झावळ्यांच्या रविवारी जर्मनीभर चर्चमधून वाचलं. त्याच्या मसुद्यावर हात फिरवणारे पाचेल्लीच. शिवाय १९४२ मध्ये नेदरलँड्सच्या बिशपांनी जाहीर निषेध केला तेव्हा नाझींनी सूड म्हणून कॅथलिक झालेल्या ज्यूंनाही उचललं, त्यात ज्यू घरात जन्मलेली नन एडिट स्टाइन गेली. रोममधल्या मठांत, कॉन्व्हेंटांत हजारो ज्यू लपले होते. पायस बोलते तर तिथेही झडत्या पडल्या असत्या, ही शक्यता तुम्ही हिशेबात धरत नाही.

प्रश्नचिन्ह

धरतो. पण 'बोललो तर आणखी मरतील' हे राजदूताचं गणित झालं. पोप राजदूत की पैगंबर, हाच तर प्रश्न आहे. २०२० मध्ये त्या काळची दप्तरं अभ्यासकांना खुली झाली, आणि बारीकसारीक विनंत्या, टिपणं, काय करावं यावरची आतली चर्चा असं बरंच बाहेर आलं. रोमला माहिती नव्हती असं आता कुणी म्हणू शकत नाही.

बखरवाला

@प्रश्नचिन्ह, तुम्ही माझीच बाजू मांडताय की! ज्याच्याकडे काही नव्हतं तो बेनेडिक्ट बोलला. ज्याला ११० एकर आणि करार सांभाळायचे होते तो जपून बोलला.

आणि वजनाचं म्हणाल तर जून १९७९. दुसरे जॉन पॉल, ४५५ वर्षांतले पहिले बिगर-इटालियन पोप, नऊ दिवस आपल्या पोलंडमध्ये फिरले. सरकार कम्युनिस्ट, आणि लाखोंची गर्दी सांभाळत होते चर्चचे स्वयंसेवक. पुढच्याच वर्षी ग्दान्स्कच्या गोदीत सॉलिडॅरिटी ही स्वतंत्र कामगार संघटना उभी राहिली.

प्रश्नचिन्ह

ती ताकद पोलंडच्या चर्चची. तिथले प्रमुख कार्डिनल विशिन्स्की तीन वर्षं नजरकैदेत काढून आले होते. पोप जाऊन आले म्हणून सरकारं पडत असती तर क्युबात १९९८ मध्येच निकाल लागला असता.

खारुताई

तुमचं राज्यं-फौजा चालू द्या. सत्ता एकवटली म्हणता ना, मग तिचं बिलही एकाच पत्त्यावर जाणार. १९६८ चं संततिनियमनावरचं पत्र. आधीच्या पोपनी नेमलेला आयोग सहाव्या पॉलनी वाढवला, बहुमत म्हणालं बंदी सैल करा, पोपनी एकट्यानं उलट ठरवलं. नंतर दहा वर्षं जगले, पण तसलं पत्र पुन्हा लिहिलं नाही.

आणि मुलांवरचे अत्याचार. बिशपच पाद्र्यांना इकडून तिकडे हलवत होते आणि बिशप नेमतो कोण? बॉस्टनचे कार्डिनल लॉ २००२ मध्ये राजीनामा देऊन गेले, २००४ मध्ये रोमच्या एका मानाच्या बॅसिलिकावर त्यांची नेमणूक झाली. राजानं नेमलेला बिशप असता तर निदान राजाला शिव्या घालता आल्या असत्या.

२०१८ मध्ये मात्र चिलीच्या सगळ्या बिशपांनी एकगठ्ठा राजीनामे पोप फ्रान्सिसपुढे ठेवले. कोरडा पाऊस, तुमचं १८०१ आठवलं. फ्रान्सिसनी स्वीकारले मोजकेच.

निर्मळची वाट

खारुताई, १९६८ च्या पत्राबद्दल एवढंच सांगतो की आमच्या आळीत आज घरटी दोन मुलं आहेत आणि रविवारी चर्चमध्ये जागा मिळत नाही. कोण काय पाळतं ते फादरही विचारत नाहीत.

डिसेंबर १९६४ राहिलाच. सहावे पॉल मुंबईला आले, भारतात आलेले पहिले पोप. आमची आजी ओव्हलवर गेली होती, पुढे वर्षानुवर्षं तेच सांगायची. पोर्तुगाल सरकारनं या भेटीवर जाहीर राग काढला, कारण गोवा जाऊन तीनच वर्षं झाली होती आणि पोप भारतात जातात म्हणजे काय! ज्या राजानं आमचे बिशप नेमले त्या देशाला पोपनं विचारलंसुद्धा नाही. त्या दिवसापुरतं बखरवालेदादांचं म्हणणं मला शंभर टक्के पटतं. त्याच सुमारास दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेमुळे मिस्सा (चर्चमधला मुख्य उपासनाविधी) लॅटिनमधून मराठीत यायला लागली, तेही वरून आलेल्या हुकमानंच.

पण २०१८ मध्ये आणखी एक गोष्ट घडली, इथे कुणीच काढली नाही. चीनशी करार. तिथले बिशप बीजिंग आणि रोम मिळून ठरवणार, आणि मजकूर गुप्त. तेव्हापासून तीनदा मुदत वाढली. २०२३ मध्ये चीननं शांघायला रोमला न विचारता बिशप बसवला आणि फ्रान्सिसनी नंतर मान्यता दिली. आता सांगा, हा पाद्रोआदो नाही तर काय? फक्त लिस्बनच्या जागी बीजिंग. आणि पोर्तुगालचा राजा निदान चर्चचा खर्च तरी उचलायचा.

बखरवाला

चीनचा मुद्दा डोक्यात आलाच नव्हता. त्यावर माझ्याकडे आज उत्तर नाही, शीर्षकात प्रश्नचिन्ह टाकलं होतं ते बरं झालं. (@प्रश्नचिन्ह, तुम्ही नव्हे.)

@निर्मळची वाट, पाद्रोआदोवर वेगळा धागा काढा. त्या दोन-दोन चर्चपैकी मुंबईत आज कुठली उभी आहेत, आणि किल्ल्यांचे तंटे कोर्टात गेले तेव्हा इंग्रज न्यायाधीशांनी ते कसे तोडले, हे वाचायला आवडेल.

निर्मळची वाट

काढतो. आधी एकदा भावकीतल्या जुन्या मंडळींना गाठावं लागेल, आमच्यात अजून दोन तट आहेत.